विंगेतला आवाज

कॅसेटवर बाबांच्या अक्षरात लिहिलं होतं, ‘नाटक, गणपती ९६. पुसू नये.’

मंडळाला यंदाच्या गणेशोत्सवात जुन्या कार्यक्रमांची दहा मिनिटांची फिल्म दाखवायची होती. “तू कॉम्प्युटरवाला, तुला जमेल,” म्हणत एका काकांनी पिशवी माझ्या हातात दिली. मराठी मंडळात एकदा ‘कॉम्प्युटरवाला’ असा शिक्का बसला की वर्गणीची एक्सेल शीट, प्रोजेक्टर आणि निवेदिकेचा ऐन वेळी बंद पडणारा माईक हे सगळं आपल्याच वाट्याला येतं. मी बी.ई. केलं इलेक्ट्रॉनिक्समध्ये, पोट भरतो सॉफ्टवेअरवर, आणि व्हीसीआर शेवटचा बघितला त्याला वीस वर्षं तरी झाली असतील. तरी हो म्हटलं. त्या नाटकात बाबा होते. मी सात वर्षांचा होतो आणि पहिल्या रांगेच्याही पुढे, सतरंजीवर बसलो होतो. बाबांना खोटी मिशी लावली होती आणि ती दुसऱ्या अंकात एका बाजूने सुटली, एवढंच आठवत होतं.

ही कॅसेट वाचली कशी, तेही सांगायला हवं. ऑगस्ट २००६ मध्ये उकाईचं पाणी सुरतेत शिरलं तेव्हा आम्ही अडाजणला तळमजल्यावर राहत होतो. तुमच्यापैकी ज्यांच्या घरी तो पूर आला होता त्यांना वर्णनाची गरज नाही. आम्ही वरच्या मजल्यावरच्या शेजाऱ्यांकडे गेलो आणि खाली कपाटाच्या तळच्या कप्प्यात ठेवलेले फोटोंचे अल्बम आणि चार व्हिडिओ कॅसेट पाण्याखाली राहिल्या. त्यातली एक आईबाबांच्या लग्नाची. पाणी ओसरल्यावर आम्ही त्या गच्चीवर उन्हात वाळत घातल्या, गोधड्यांच्या शेजारी. आता वाचून कळतं की नेमकं तेच करायचं नसतं. भिजलेली टेप गार स्वच्छ पाण्यात ओलीच ठेवायची आणि जाणकाराकडे न्यायची. गाळ वाळला की टेपचे वेढे एकमेकांना चिकटतात. आमच्या चिकटल्या.

नाटकाची कॅसेट मात्र तेव्हा घरात नव्हती. नाटकात काम केलेल्या एका काकूंनी ती माहेरी दाखवायला अमळनेरला नेली होती आणि बरीच वर्षं परत केली नव्हती. आई त्यावरून कितीतरी वेळा बोलली असेल. गेल्या वर्षी त्यांच्या भावाने ट्रंक आवरली आणि कॅसेट पिशवीतून सुरतेला आली.

लगेच लावून बघायचा मोह आवरला, कारण टेपच्या कडेला पांढरी बुरशी दिसत होती. बुरशी लागलेली टेप मशीनमध्ये घातली तर टेपही जाते आणि मशीनही. शिवाय मशीन आणायचं कुठून? व्हीएचएस रेकॉर्डर बनवणारी शेवटची कंपनी, जपानची फुनाई, हिने २०१६ मध्ये उत्पादन थांबवलं. आता जे काही आहे ते जुनं, कोणाच्या तरी माळ्यावरचं. मी जुन्या मालाच्या दुकानांतून तीन व्हीसीआर विकत घेतले. तिसरा चालला. बायकोने एकदाच विचारलं, “अजून किती?”

मशीन मिळेपर्यंत वाचायला वेळ होता. सिनेमाचा जुना आवाज लोक वाचवतात कसा, इथून सुरुवात केली आणि लक्षात आलं की रिळावर आवाज नक्की कुठे असतो हेच मला नीट माहीत नव्हतं. ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर चित्रांच्या चौकटींच्या बाजूला जेमतेम अडीच मिलिमीटरची एक पट्टी असते. तिच्यात नागमोडी रेघ असते किंवा कमीजास्त गडद होत जाणारे आडवे पट्टे. प्रोजेक्टरमधला छोटा दिवा त्यातून आरपार जातो, पलीकडचा प्रकाशसंवेदी सेल तो कमीजास्त प्रकाश टिपतो आणि त्याची वीज होऊन स्पीकरपर्यंत पोचते. म्हणजे आवाज अक्षरशः सावली म्हणून साठवलेला असतो. त्यामुळे त्या पट्टीवर धूळ बसली की ती ऐकू येते. ओरखडा ऐकू येतो. बोटाचा ठसासुद्धा ऐकू येतो.

आणखी एक गंमत. एखाद्या चित्राचा आवाज त्या चित्राशेजारी नसतोच, तो साधारण वीस चौकटी पुढे असतो. चित्र दाखवताना फिल्म सेकंदाला २४ वेळा थांबत-थांबत पुढे सरकते, पण आवाजाला संथ, अखंड धावणारी फिल्म लागते. म्हणून दोन्ही कामं मशीनच्या वेगवेगळ्या जागी होतात. तुटलेली फिल्म ऑपरेटरने दोन-चार चौकटी कापून जोडली की उडी चित्रात एका ठिकाणी बसते आणि आवाजात दुसऱ्या. लहानपणी जुन्या सिनेमात मध्येच शब्द गायब का व्हायचा, त्याचं उत्तर मला छत्तिसाव्या वर्षी मिळालं.

आपल्या मराठीपुरतं बोलायचं तर हा सगळा प्रकार सुरू झाला १९३२ मध्ये, कोल्हापुरात, प्रभात फिल्म कंपनीच्या ‘अयोध्येचा राजा’पासून. दिग्दर्शक व्ही. शांताराम. प्रभातमध्ये ध्वनिमुद्रण बघायचे विष्णुपंत दामले, म्हणजे तेच, ज्यांनी पुढे फत्तेलालांबरोबर ‘संत तुकाराम’ (१९३६) दिग्दर्शित केला. तुकाराम बघितलेल्यांना दामले माहीत असतात, पण त्यांनी आधी आवाज पकडायची विद्या शिकून घेतली होती हे कोणी सांगत नाही. आवाजवाल्याचं नाव कायम शेवटीच येतं.

त्याच्या आदल्या वर्षी, १९३१ मध्ये, अर्देशीर इराणींचा ‘आलम आरा’ मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये लागला. भारताचा पहिला बोलपट. स्टुडिओजवळून आगगाड्या जायच्या, म्हणून बरंचसं चित्रीकरण रात्री, गाड्या थांबल्यावर करावं लागलं. माईक लपवायचे, वादकही चौकटीबाहेर लपून वाजवायचे, कारण सगळं तिथल्या तिथे, एकदमच ध्वनिमुद्रित व्हायचं. आज ‘आलम आरा’ची एकही प्रत उपलब्ध नाही. फोटो आहेत, जाहिराती आहेत, गाण्यांची यादी आहे. पहिल्या बोलपटाचं फक्त बोलणं तेवढं नाही. मी हे वाचलं तेव्हा वाटलं, एखादी गाडी चुकून त्यात रेकॉर्ड झाली असती आणि तेवढीच उरली असती, तरी आपण ती कान लावून ऐकली असती.

प्रभातची कथाही फार सुखाची नाही. त्या काळची फिल्म नायट्रेटची असायची, आणि नायट्रेट म्हणजे जवळजवळ स्फोटकच. एकदा पेटलं की पाण्याखालीसुद्धा जळतं. पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय झालं, पी. के. नायरांनी गावोगाव फिरून डबे गोळा केले, आणि तरीही जानेवारी २००३ मध्ये पुण्यातच लागलेल्या आगीत नायट्रेटची रिळं जळाली, त्यात प्रभातचीही. काही चित्रपटांच्या प्रती दुसऱ्या फिल्मवर उतरवून ठेवलेल्या होत्या म्हणून ते आज आहेत. पण आवाजाच्या बाबतीत प्रतीची प्रत म्हणजे दर वेळी थोडी खरखर वाढणं आणि थोडा वरचा सूर कमी होणं.

नायट्रेटनंतर आलेली ॲसिटेटची फिल्म पेटत नाही, ती आंबते. दमट हवेत तिला व्हिनेगरचा वास येऊ लागतो, ती आकसते, वाकडी होते. सुरतेच्या पावसाळ्यात काय होत असेल याची कल्पना करा.

आता आपल्या गुजरातचं उदाहरण. श्याम बेनेगलांचा ‘मंथन’ (१९७६) गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये काढून केला हे अनेकांना माहीत आहे. त्याची पटकथा विजय तेंडुलकरांची हे आमच्या घरात मला सांगावं लागलं. मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनने त्याचा जीर्णोद्धार केला, पैसे अमूलवाल्या दूध महासंघाने दिले, काम चेन्नई आणि इटलीतल्या बोलोन्याच्या प्रयोगशाळांत झालं, मे २०२४ मध्ये तो कानला दाखवला आणि जूनमध्ये आपल्याकडे थिएटरांत आला. चित्र घेतलं मूळ कॅमेरा निगेटिव्हवरून, जी पुण्याच्या संग्रहालयात होती. आवाज मात्र घेतला थिएटरात दाखवायच्या ३५ मिलिमीटरच्या प्रिंटवरून, जी फाउंडेशनकडे जपलेली होती.

या फरकाचा अर्थ लक्षात घ्या. निगेटिव्ह लॅबमधून सहसा बाहेर पडत नाही. थिएटरसाठी काढलेली प्रिंट मुळात प्रोजेक्टरमध्ये फिरण्यासाठीच असते, आणि फिरली की तिच्या अडीच मिलिमीटरच्या पट्टीवर धूळ, ओरखडे, सांधे येणारच. म्हणजे चित्र एका घरातून आणि आवाज दुसऱ्या घरातून आणायचा, दोघांची लांबी चौकटी मोजून जुळवायची, कारण एक चौकट इकडेतिकडे म्हणजे सेकंदाचा चोविसावा भाग, आणि अशा चार-पाच चौकटी साचल्या की ओठ एक बोलतात आणि ऐकू दुसरंच येतं. मी ‘मंथन’ थिएटरात बघितला. स्मिता पाटील पहिल्यांदा बोलते तेव्हा सगळे तिच्याकडे बघत असतात. मी डोळे मिटून ऐकत होतो. शेजारच्या काकांना वाटलं मला झोप लागली.

आवाजाची दुरुस्ती करणारे लोक एक प्रश्न सारखा विचारतात असं वाचनात आलं: हा आवाज मुळात होता, की नंतर लागलेला आहे? ओरखड्याचा ‘टक’, सांध्याचा ‘पॉप’, धुळीची चरचर ही नंतरची. ती काढायची. पण सेटवरचा पंखा, खोलीचा घुमारा, त्या काळच्या यंत्राची अंगची खरखर हे मूळ ध्वनिमुद्रणात होतं. त्याला शक्यतो हात लावायचा नाही, लावला तर बेताने. वाचताना हे इतकं सरळ वाटलं की मी मान डोलावली आणि पुढचं पान उघडलं.

तर मशीन आलं. बुरशी मोकळ्या हवेत, तोंडाला मास्क लावून, टेप हळूहळू हाताने फिरवत मऊ कापडाने काढली. कॅसेट लावली. चित्र थरथरत आलं, आवाज मात्र गादीखालून यावा तसा. मी लगेच लॅपटॉपकडे वळणार होतो, पण आधी मशीन उघडलं. व्हीएचएसवर साधा आवाज टेपच्या कडेने एका अरुंद पट्टीत असतो आणि तो वाचणारं हेड मूळ रेकॉर्डिंगच्या हेडपेक्षा केसभर जरी कललेलं असेल, तरी वरचे सूर, म्हणजे स, श, च, ट अशा अक्षरांची धार, नाहीसे होतात. हेडजवळ एक लहानसा स्क्रू असतो. ऐकत-ऐकत तो पाव वळसा फिरवला आणि बाबा एकदम गादीतून बाहेर आले. पुढे कुठल्याही सॉफ्टवेअरने केली नाही एवढी सुधारणा त्या स्क्रूड्रायव्हरने केली. मग सगळी टेप जशीच्या तशी, ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर उतरवून घेतली. मोठे संग्रह ९६ ठेवतात, पण व्हीएचएसच्या त्या पट्टीत तेवढं काही नसतंच. ती फाइल कुलूप लावून बाजूला ठेवली. हे एक शहाणपण मी केलं.

मग मी काम सुरू केलं ते माझ्या प्रांतात. आवाजाचा नकाशा स्क्रीनवर काढता येतो: आडवा काळ, उभा सूर, आणि जिथे आवाज मोठा तिथे रंग उजळ. मंडपातल्या विजेची गुणगुण ५०, १००, १५० हर्ट्झवर सरळ आडव्या रेघांसारखी दिसत होती. ती काढली. ‘टक’ उभ्या रेघांसारखे दिसतात, तेही काढले. उभ्या पंख्यांची घरघर कमी केली. मग एआयवर चालणारं एक साधन लावलं, जे बोलणाऱ्याचा आवाज बाकीच्या गोंगाटातून वेगळा काढतं. पीटर जॅक्सनने बीटल्सवरच्या ‘गेट बॅक’ मालिकेत (२०२१) असंच केलं. १९६९ च्या टेपवर गिटार आणि गप्पा एकाच ट्रॅकवर मिसळल्या होत्या, त्याच्या टीमने संगणकाला शिकवून त्या सुट्या केल्या. मला वाटलं, बीटल्सना चाललं तर आपल्या मंडळाला का नको. शेवटी लावलं नॉइज गेट. हे म्हणजे सोसायटीचा वॉचमन. ठरावीक पातळीच्या खालच्या आवाजाला आत सोडत नाही. दोन संवादांच्या मधली खरखर त्याने पूर्ण शांत केली.

झकास झालं. रविवारी सगळ्यांना टीव्हीवर दाखवलं. बाबा स्वतःला बघून लाजले, आई मिशीवर हसली. दुसऱ्या अंकात एका ठिकाणी बाबा वाक्य विसरतात, चार-पाच सेकंद पूर्ण शांतता, मग ते बोलतात आणि त्याआधीच प्रेक्षक खदखदून हसतात. हशा तिथे का येतो ते मला कळलं नव्हतं. फिल्ममधून तो तुकडा कापायचाच होता.

आजी म्हणाली, “स्वच्छ आलंय रे. पण ह्यांचा आवाज कुठे गेला?”

मला कळेना. आजोबा नाटकात नव्हतेच.

“नव्हते कसे? प्रॉम्प्टिंग कोण करत होतं?”

आजोबा उधन्याच्या एका मिलमध्ये हिशेबनीस होते. पाठांतर दांडगं, पण चारचौघांत उभं राहायचं म्हटलं की घाम फुटायचा. म्हणून दर वर्षी विंगेत वही घेऊन बसायचे. आणि मंडपात जागा नसल्याने व्हिडिओवाल्याने कॅमेरा लावला होता तो नेमका त्याच विंगेच्या बाजूला, माईक कॅमेऱ्यावरच. आजोबा १९९८ मध्ये गेले. त्यांचे चार फोटो आहेत. आवाज कुठेही नाही.

रात्री मूळ फाइल उघडली. हेडफोन लावले. बाबांच्या प्रत्येक संवादाच्या आधी, पंख्यांच्या घरघरीखाली, एक दबका, घाईतला, थोडा अनुनासिक आवाज. एआयने त्याला लांबचा गोंगाट समजून पुसला होता. जे थोडं उरलं ते दोन संवादांच्या मधल्या जागेत होतं, आणि तिथेच मी वॉचमन बसवला होता. प्रॉम्प्टर बोलतो तेव्हा बाकी सगळे गप्प असतात, म्हणून तर तो बोलतो.

आणि तो हशा. बाबा अडकतात. आजोबा वाक्य सांगतात. बाबा गप्प. आजोबा पुन्हा सांगतात. तिसऱ्या वेळी वाक्य सांगून वर, संहितेत नसलेलं, चांगलं मोठ्याने: “अरे बोल की आता!” मंडप कोसळतो. मी त्या हशाचं कारण काढून टाकलं होतं आणि हशा निरर्थक म्हणून कापायला निघालो होतो.

जुन्या टीव्हीच्या बाबतीत याच्या उलटही घडलं आहे. टेप महाग होत्या, म्हणून जगभरच्या वाहिन्यांनी एक कार्यक्रम पुसून त्याच टेपवर दुसरा रेकॉर्ड केला. बीबीसीच्या ‘डॉक्टर हू’ या मालिकेचे १९६० च्या दशकातले कितीतरी भाग असे गेले. चित्र गेलं, पण आवाज मात्र प्रत्येक भागाचा आहे. कारण घरोघरी काही चाहते टीव्हीसमोर टेपरेकॉर्डर ठेवून तो रेकॉर्ड करत होते. त्या घरगुती टेपांवरून बीबीसीने नंतर काही भाग ॲनिमेशन करून पुन्हा उभे केले. कंपनीने पुसलेलं पोरांनी ठेवलं.

मी पुन्हा पहिल्यापासून बसलो. या वेळी फक्त विजेची गुणगुण, ‘टक’ आणि टेपची चरचर काढली. पंखे राहू दिले. मागच्या रांगेतलं एक बाळ रडतं, तेही राहू दिलं. ते बाळ आता मंडळाचं खजिनदार आहे अशी दाट शंका आहे. आजोबांचे शब्द एआयने ‘स्पष्ट’ करून बघायचा मोह झाला. करून बघितलं. शब्द खरंच स्पष्ट झाले, पण माणूस दुसराच कोणीतरी बोलत होता, गुळगुळीत, बातम्या देणाऱ्यासारखा. जिथे आवाज पुरत नाही तिथे हे साधन अंदाजाने भरतं. ती फाइल पुसून टाकली.

आजीला हेडफोन आवडत नाहीत, कान दुखतात म्हणते. तरी लावले. मी दुसऱ्या अंकातल्या त्या जागेच्या थोडं आधी सुरू केलं. ती डोळे मिटून बसली. बाबा अडकले, आजोबांनी एकदा सांगितलं, दुसऱ्यांदा सांगितलं, आणि आजीने हात वर केला, “थांब, आता ओरडतील.”

तीनदा ऐकलं. मग हेडफोन काढून म्हणाली, पंखे फार वाजतायत.

मंडळात फिल्म दाखवली तेव्हा एक-दोघांनी आवाज अजून साफ करता आला असता असं सांगितलं. मी हो म्हटलं. तुमच्या घरी अशा कॅसेट असतील तर निदान मशीन मिळतंय तोवर एकदा जशाच्या तशा उतरवून घ्या आणि ती पहिली फाइल कोणाच्याही, तुमच्यासुद्धा, हाताला लागू देऊ नका. साफसफाई नंतर कधीही करता येते. ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय फिल्म आणि ध्वनी संग्रहालयाने २०१५ मध्येच सांगितलं होतं की २०२५ पर्यंत ज्या टेप डिजिटल होणार नाहीत त्यांतल्या बहुतेक हातच्या जातील. टेपपेक्षा मशीनं आणि ती दुरुस्त करणारे आधी संपतायत. माझा तिसरा व्हीसीआर अजून चालतोय. सुरतेत कोणाला लागला तर सांगा. स्क्रू मात्र मी फिरवीन.

परवा बाबांनी माळ्यावरून एक डबा काढून माझ्या टेबलावर ठेवला. आत २००६ च्या पुरातल्या त्या चार कॅसेट, वर्तमानपत्रात गुंडाळलेल्या, गाळासकट. मला वाटलं होतं त्या तेव्हाच फेकल्या. “ह्यातली लग्नाची कुठली ते लेबल गेलंय,” ते म्हणाले, “पण बघ.” 

अजून एकही उघडलेली नाही. गाळ वाळून एकोणीस वर्षं झालीत, अजून थोडं वाचल्याशिवाय हात लावायचा नाही असं ठरवलंय.